उन्हाचा चुडा

आमच्या चाचाला कामाचा कंटाळा होता, हे आधीच लिहून ठेवते. नाहीतर पुढचं वाचून कुणाला वाटायचं की आमच्या घराण्यात मोठा कलावंत होऊन गेला. कसला कलावंत अन् कसलं काय! तळेगावच्या काचेच्या कारखान्यात तो भट्टीवर होता, आणि भट्टीपाशी फार गरम होतं म्हणून कुरकुर करणारा तिथला तो पहिलाच माणूस असावा. आठवड्यातले दोन दिवस तरी काहीतरी निमित्त काढून मोशीला आमच्या घरी येऊन पडायचा. अब्बांचा धाकटा भाऊ, बिनलग्नाचा, अंगात मलमलचा सदरा, आणि खिशात कारखान्यात फुटलेल्या काचांचे तुकडे. अम्मा म्हणायची, "लोकांचे दीर बाजारातनं भाजी आणतात, माझा दीर पायात घुसायला काचा आणतो." घरात आम्ही आमची मुसलमानी बोली बोलायचो, ती इथं मराठीत लिहिते आहे. पण अम्मा कुठल्याही बोलीत बोलली तरी टोचायचीच, त्यामुळे फार काही बिघडत नाही.

आम्ही मणियार, म्हणजे बायकांना बांगड्या भरणारे. मोशी, चऱ्होली आणि चाकणचा बाजार एवढा आमचा मुलूख. घर दोन खोल्यांचं. पुढच्या खोलीत बांगड्या राहायच्या आणि मागच्या खोलीत आम्ही. बांगड्यांना कापसाची गादी होती, आम्हाला गोधडी. सुतळीत ओवलेल्या माळा भिंतीभर टांगलेल्या असायच्या आणि नदीवरून वारा आला की सगळं घर किणकिणायचं. सकाळी अब्बा एकेक बांगडी नखावर वाजवून बघायचे. चांगली खणकन बोलते, तडा गेलेली बद्द बोलते. त्या आवाजाबरोबर चुलीवर भाकरी थापल्याचा आवाज, आणि भाकरीबरोबर ठेचा नाहीतर चाकणच्या बाजारातून आणलेला कांदा बुक्कीनं फोडलेला. ज्या दिवशी सुक्या बोंबलाचं कालवण असायचं त्या दिवशी मी शाळेतून पळत घरी यायची. बांगडीच्या आवाजावरून पारख करायची सवय मला तिथंच लागली, आणि ती मी पुढे जन्मभर माणसांवर वापरली. बद्द बोलणारीच जास्त भेटली.

धंद्याचे कायदे कडक होते. आमच्या ओट्यावर बांगडी 'फुटली' म्हणायची नाही, 'वाढवली' म्हणायचं. बांगड्या भरून झाल्या की पाटलाघरच्या सुनासुद्धा अब्बांना वाकून नमस्कार करायच्या आणि अब्बा डोक्यावरची टोपी सारखी करून "अखंड सौभाग्यवती भव" असं इतकं स्वच्छ म्हणायचे की गावच्या भटजीनं शिकून घ्यावं. त्यातल्या निम्म्या जणींचं सौभाग्य अब्बांच्या आशीर्वादाला न विचारताच निघून गेलं, ती गोष्ट वेगळी. आणि तिसरा कायदा असा, की नवरा गेलेल्या बाईनं आमच्या ओट्याची पायरी चढायची नाही. हा कायदा गावचा होता, पण आमच्यातही काही निराळं नव्हतं, म्हणून आम्ही तो फार निष्ठेनं पाळायचो. ज्या गोष्टीत आपलं काही जात नाही ती निष्ठेनं पाळायला माणसाला काय लागतं?

तर एक दिवस चाचा आला तो धोतराच्या फडक्यात काहीतरी गुंडाळून. पानाच्या डब्याएवढी लाकडी पेटी. वर बाटलीच्या बुडाचं जाड भिंग आणि त्यावर झाकण, आत फुटक्या बांगड्यांचे तुकडे तारेत ओवून एकावर एक रचलेले, पुढे चार बोटांची फट आणि बाजूला एक खुंटी. ओट्यावर उन्हात ठेवून त्यानं झाकण उघडलं आणि म्हणाला, "भाभी, हात घाला." अम्माचे हात पिठाचे होते आणि तोंडात शिवी तयार होती. पण तिनं फटीपुढं हात धरला आणि तिच्या मनगटावर हिरव्या उजेडाची कडी उमटली. एक नाही, चांगली आठ-नऊ. मनगटाच्या खालच्या बाजूलासुद्धा, जिथं उजेडानं जाण्याचं काही कारणच नव्हतं. आणि ती कडी वाजत होती. हात हलवला की किणकिण, खाली सोडला की घरंगळून एकावर एक आपटल्यासारखा आवाज. खुंटी फिरवली की लाल, मग पिवळा, मग मोरपंखी, आणि दर रंगाचा सूर वेगळा. अम्माच्या तोंडातली शिवी तोंडातच राहिली. माझ्या आठवणीत ती एकदाच.

"कसं केलंस रे हे?" अब्बांनी विचारलं.

"असंच जमलं," चाचा म्हणाला.

आणि ते खरं होतं! त्याला स्वतःलाही ठाऊक नव्हतं. पुढे त्यानं आणखी पेट्या करून पाहिल्या. एकीतून नुसता धूर आला, एक बेडकासारखी डराव करून कायमची बसली. पण तोवर त्याची मान अशी ताठ झाली होती की जणू सूर्यही त्यानंच तळेगावला फुंकून तयार केला होता.

अब्बा मात्र धंद्याचा माणूस. बांगडी हातात चढवून बघताना चारातली एक मोडते, हे मणियाराचं कायमचं दुखणं. आता आधी पेटीपुढं हात धरायचा, रंग बघायचा, आवाज ऐकायचा, पसंत पडला की मग काच चढवायची. बायका नुसत्या वेड्या झाल्या. चऱ्होलीच्या बायका डोक्यावर टोपल्या घेऊन तेवढ्यासाठी यायच्या. "मला जांभळा नको गं, लई रडका वाजतोय," असं म्हणणारी बाई मी माझ्या कानांनी ऐकली आहे. परवा माझी नात मोबाईलमध्ये स्वतःच्या ओठांना रंग लावून बघत होती आणि मला म्हणाली, "आजी, बघ कसली भारी सोय आहे!" म्हटलं, बाई, ही सोय मोशीत तुझ्या आईच्या जन्माआधी होती, आणि वर वाजायचीसुद्धा. तिनं माझ्याकडे म्हाताऱ्या माणसाकडे बघतात तसं बघितलं.

पाटलाच्या घरात दोन बायका विधवा होत्या. एक थोरली पाटलीण, अण्णा पाटलाची आई, तीस वर्षांपासून मोकळ्या हाताची. आणि दुसरी गंगूवहिनी, अण्णाच्या धाकट्या भावाची बायको. विहीर खणताना दरड अंगावर पडून तो गेला तेव्हा ती वीस-एकवीसची असेल आणि पोटचा किसन दोन वर्षांचा. थोरल्या पाटलिणीनंच तिच्या बांगड्या फोडल्या होत्या, दारातल्या दगडावर, आणि त्यात कुणाला काही वावगं वाटलं नव्हतं. गंगूवहिनी दुपारी धुणं घेऊन नदीला जाताना आमच्या ओट्यापुढून जायची. पायरीखाली उभी राहून अम्माशी दोन शब्द बोलायची आणि बोलता बोलता तिचं लक्ष पेटीकडं असायचं. एकदा अब्बा चाकणला गेलेले, अम्मा आत, आणि मी ओट्यावर पेटीशी खेळत बसलेली. मी अकरा-बारा वर्षांची, आणि जीभ तेव्हाही अशीच.

"वहिनी, घाला की हात," मी म्हटलं.

"नको गं बाई. मला न्हाई चालत."

"काच थोडीच हाय? ऊन हाय. ऊन तर तुमच्या अंगावर रोज पडतंय."

तिनं इकडंतिकडं बघितलं, धुण्याची पाटी खाली ठेवली आणि पायरीखालूनच हात लांब केला. मी खुंटी हिरव्यावर आणली. तिच्या हातावर जशी कडी बसली तशी दुसऱ्या कुणाच्या हातावर मी पाहिली नाही. मला वाटलं ती रडेल. ती हसली. पीठ मळल्यासारखा हात पुढेमागे करून म्हणाली, "अगं, अक्षी तसंच वाजतंय." मग रोज दुपारी, अब्बा फेरीला गेले की, ती येऊ लागली. दोन-तीन मिनिटं हात धरायची, किसन खाली मातीत बसून त्या कड्यांना बोट लावायला बघायचा, आणि मग पाटी डोक्यावर घेऊन ती नदीला जायची. अम्मानं एकदा दारातून पाहिलं आणि पुन्हा चुलीकडं वळली. एवढंच. एवढ्यानं कुणाचं काय वाकडं होत होतं, मला अजून कुणी सांगितलेलं नाही.

पण एका दुपारी आमच्या घरी पडल्या पडल्या चाचानंही ते पाहिलं, आणि त्याला स्वतःचं कौतुक पचतं कुठं! आळंदीच्या रस्त्याला चहाचं एक छप्पर होतं, तिथं चार रिकामटेकड्यांत बसून तो बरळला, की माझ्या पेटीची करामत अशी, पाटलाच्या घरच्या विधवेलासुद्धा चुडा चढतो. झालं! चहा थंड व्हायच्या आत ती बातमी मोशीला पोचली. दुसऱ्या दिवशी भर दुपारी अब्बांना पेटीसकट चावडीवर बोलावणं आलं, आणि तोवर चाचा तळेगावच्या गाडीत बसून पसारसुद्धा झाला होता. कधी नव्हे ते त्याला कारखान्याची आठवण झाली.

चावडीपुढं पाच पंच बसलेले, मधे अण्णा पाटील, बाजूला सत्तरीचे धोंडिबानाना. गावातला शेवटचा शब्द या नानांचा असायचा, कारण ते दमेपर्यंत कुणाला बोलू द्यायचे नाहीत. एका अंगाला थोरली पाटलीण, आणि तिच्यामागं पदर नाकापर्यंत ओढलेली गंगूवहिनी, किसनचं बखोट घट्ट धरून. मी अब्बांच्या सदऱ्याला धरून गेले होते आणि मला कुणी हाकललं नाही. आरोप असा, की मणियारानं नवरा मेलेल्या बाईला चुडा भरला. आता तुम्ही म्हणाल, यात विचार करण्यासारखं काय आहे? पण या अकलेच्या कांद्यांनी तासभर विचार केला. पेटी उन्हात ठेवायला लावली, गंगूवहिनीला हात धरायला लावला, आणि नाना वाकून वाकून बघू लागले.

"दिसतंय का न्हाई?" नानांनी विचारलं.

"दिसतंय," पंच म्हणाले.

"वाजतंय का न्हाई?"

"वाजतंय."

"मनगटाला हाय का न्हाई? मग ह्यो चुडाच की!"

"पर नाना, हाताला तर लागत न्हाई," एक पंच चाचरत म्हणाला.

"देव तरी कुटं हाताला लागतोय? म्हणून न्हाई म्हणशील?"

यावर सगळ्यांनी माना डोलावल्या. काय ते शहाणपण! अब्बा टोपी हातात घेऊन उभे होते. ज्यांना गावच्या बायका वाकून नमस्कार करायच्या ते अब्बा "चूक झाली मालक, चूक झाली," एवढंच म्हणत होते. त्यांच्या मागं खाणारी पाच तोंडं होती आणि त्यातलं एक माझं, हे मला आज कळतं. तेव्हा मला त्यांची लाज वाटली, आणि खरं सांगायचं तर ती अजून पुरती गेलेली नाही.

अण्णा पाटलानं निकाल दिला. "हिला उद्या म्हायेरी धाडतो. पोरगं पाटलाचं हाय, त्ये हितंच ऱ्हाईल."

गंगूवहिनी तोवर गप्प होती. ती दिरापुढं बोलायची नाही, म्हणून तिनं सासूचे पाय धरले. "आत्याबाई, पोराला नका तोडू माझ्यापासनं. दुसरं काय बी सांगा, करते."

किसन रडायला लागला. पंचांत चुळबुळ झाली, आणि नानांना दया आली. त्यांची दया ही अशी: "दाल्ला गेल्यावर जसा फोडला तसाच ह्यो बी चुडा फोडावा. चावडीच्या दगडावर, समद्यांच्या म्होरं. फुटला की बाई शुद्ध. मग ऱ्हाऊ दे घरात, पोराजवळ."

"मालक, नुसतं झाकण लावलं तरी जातंय ते," अब्बा हळूच म्हणाले. त्या दिवशीचं त्यांचं तेवढंच एक शहाणं वाक्य.

"झाकण लावल्यानं चुडा फुटतो व्हय रं?" नाना उसळले. "मणियार असून तू आमाला शिकवतोस? फोडायला दगुड लागतो!"

मग पेटी दगडाशेजारी मांडली. गंगूवहिनीनं फटीपुढं हात धरला, हिरवी कडी उमटली, आणि तिनं मनगट दगडावर आपटलं. कडी किणकिणली आणि तशीच राहिली. तिनं पुन्हा आपटलं. ऊन कधी दगडावर आपटून फुटलंय? पण पाच शहाणे पुढं झुकून बघत होते, की आता तरी एखादं कमी झालं का! तिसऱ्या वेळी कातडं गेलं. चौथ्या वेळी रक्त आलं, आणि हिरव्या उजेडात ते काळं दिसत होतं. आणि मेली पेटी वाजतच होती, जितकं जोरात आपटावं तितकी जास्त. एरवी जो आवाज ऐकायला मी तासन्‌तास बसायची तो मला ऐकवेना. मी कानात बोटं घातली.

"आत्याबाई, फुटंना," गंगूवहिनी म्हणाली. "म्या काय करू?"

"हळू मारतीया ती," अण्णा पाटील म्हणाला. "आई, तुमी धरा तिचा हात. आन मारा जोरानं."

थोरली पाटलीण उठली. कमरेला पदर खोचला आणि गंगूवहिनीचं मनगट आपल्या मुठीत घट्ट धरलं. दगडावर आपटायला तिनं तो हात वर उचलला, तो नेमका फटीपुढून, आणि तिच्या स्वतःच्या मनगटावर कडी उमटली. वाळलेलं, शिरा वर आलेलं मनगट, आणि त्यावर हिरवागार चुडा. आणि तोही वाजायला लागला, गंगूवहिनीच्या चुड्यापेक्षा खालच्या सुरात. दोन्ही आवाज एकदम. नानांचं तोंड उघडं पडलं होतं. मग मागून कुणीतरी, कोण ते शेवटपर्यंत कळलं नाही, म्हणालं, "आता थोरल्या पाटलीणबाईंचा बी फोडायचा का काय?"

अण्णा पाटलाचा चेहरा लालबुंद झाला. "झाकण लावा!" तो ओरडला. "मणियारा, लाव झाकण!"

आता बरं झाकण लावल्यानं चुडा फुटायला लागला! अब्बा पेटीकडं धावले. पण म्हातारीनं दुसरा हात आडवा केला.

"थांब रं मणियारा. वाईच ऱ्हाऊ दे."

अब्बा जागच्या जागी थांबले. म्हातारीनं सुनेचा हात सोडला आणि आपला हात फटीपुढं धरून या अंगानं फिरवला, त्या अंगानं फिरवला. मान जरा कलती करून ऐकलं. तोंडावर हसू नाही, रडू नाही, काही नाही. चूल पेटली का बघावं तशी बघत होती. पोटचा पोरगा समोर बसला होता, पंच बसले होते, आणि ती कुणाकडंही बघत नव्हती. मग तिनं आपल्याच हातानं झाकण लावलं.

"फुटला," ती म्हणाली. "झालं न्हवं समद्यांचं? चल गं, भाकऱ्या टाकायच्यात." तिनं किसनला कडेवर घेतलं आणि चालायला लागली. गंगूवहिनी मनगटाला पदर गुंडाळून तिच्या मागून गेली. अण्णा पाटील पागोटं सारखं करत बसला. नाना मात्र पाच मिनिटांनी सावरले आणि म्हणाले, "फुटला, फुटला. म्या सोता ऐकला."

थोरली पाटलीण मोठी मायाळू होती असं मात्र कुणी समजू नका. त्यानंतरही गंगूवहिनीला तिनं आयुष्यभर शिव्या दिल्या, पाणी तापलं नाही म्हणून, दूध उतू गेलं म्हणून. पण माहेरी धाडायचं नाव त्या घरात पुन्हा निघालं नाही, आणि किसन आईच्या मांडीवर वाढला. पेटी नदीत टाकायचा हुकूम झाला. अब्बांनी दुसऱ्याच दिवशी सकाळी ती इंद्रायणीच्या डोहात टाकली. कुणी बघायला आलं नव्हतं. न टाकता टाकली म्हणून सांगितलं असतं तरी चाललं असतं. पण आमचे अब्बा हुकूम पाळणारे. हल्ली काही म्हातारी माणसं सांगतात, की भर दुपारी डोहातून किणकिण ऐकू येते. मी जाऊन उभी राहिले आहे, एकदा नाही, दहादा. काही ऐकू येत नाही. प्लास्टिकच्या बाटल्या तरंगतात आणि पलीकडून बसचे हॉर्न ऐकू येतात.

ही गोष्ट मी जन्मभर सांगत आले. शाळेत सांगितली, सासरी सांगितली, पोरींना सांगितली, आणि दर वेळी नानांची नक्कल करून लोकांना हसवलं. काय मूर्ख माणसं होती म्हणून दात काढले. पिंपरीच्या कंपनीत रात्रपाळी करून घरी आलेला माझा नवरा सकाळी झोपला तो उठलाच नाही, तेव्हा मी छत्तीस वर्षांची होते. चौथ्या दिवशी अम्मा साबणाचं पाणी घेऊन माझ्यापुढं बसली. मणियाराच्या घरात काच वाया घालवत नाहीत, म्हणून माझ्या बांगड्या फोडल्या नाहीत, साबण लावून एकेक उतरवल्या. अब्बांनी त्या धुऊन, पुसून, सुतळीत ओवून भिंतीला टांगल्या. तिथं चावडी नव्हती, पंच नव्हते, माझं पोर कुणी तोडून घेणार नव्हतं. अम्मानं नुसतं "दे" म्हटलं, आणि मी आधी उजवा हात पुढं केला, मग डावा.